उरलेली रक्कम बारा टक्क्यांनी

एका माणसाने वीस लाख रुपयांपैकी काही रक्कम द.सा.द.शे. सात दराने एका बँकेत ठेवली आणि उरलेली रक्कम द.सा.द.शे. बारा दराने दुसऱ्या संस्थेत ठेवली. वर्षाअखेर त्यास एकूण एक लाख ऐंशी हजार रुपये सरळव्याज मिळाले, तर त्याने कोठे किती रक्कम ठेवली?

हे उदाहरण, दरवर्षी आकडे बदलून, मी एकतीस वर्षं फळ्यावर लिहिलं. हा माणूस कोण, एवढे पैसे घेऊन तो दोन ठिकाणी कशाला जातो, आणि घरी आल्यावर कुठे किती ठेवले हे त्याचं त्यालाच कसं आठवत नाही, असा प्रश्न मला एकतीस वर्षांत एकदाही पडला नाही. मुलांनाही पडला नाही. पडला असेल तर माझ्या हातातली पट्टी पाहून त्यांनी तो पोटात ठेवला असेल. दीडेक वर्षापूर्वी या माणसाचा पत्ता लागला. तो मीच होतो. आणि मला सगळं नीट आठवत होतं, फक्त बायकोला सांगायचं नव्हतं.

मी ओमप्रकाश खोडके, अमरावतीच्या एका खाजगी शाळेतून निवृत्त झालेला गणिताचा शिक्षक. आमच्या शाळेला अनुदान अशा बेताने मिळालं की पेन्शनची गाडी आमच्या डोळ्यांदेखत फलाटावरून सुटली. म्हणून निवृत्तीच्या दिवशी शाल, नारळ, एक भिंतीवरचं घड्याळ आणि काही दिवसांनी सगळं मिळून वीस लाख रुपये, एवढ्यावर माझी आणि सरकारची फारकत झाली. हे वीस लाख आम्हा दोघांना मरेपर्यंत पुरवायचे होते, आणि मरेपर्यंत म्हणजे किती वर्षं हे उदाहरणात दिलेलं नव्हतं.

शिवाय गीतांजलीचे गुडघे होते. गीतांजली म्हणजे माझी बायको. अकोल्याच्या डॉक्टरांनी फोटो उजेडात धरून सांगितलं होतं की दोन्ही गुडघे बदलावे लागतील, एकेकाला सव्वादोन लाख. आमच्या घरापुढे तीन पायऱ्या आहेत. सकाळी दूध घ्यायला त्या तीन पायऱ्या उतरताना ती कठड्याला धरून तीनदा थांबायची. पण ती म्हणाली, "एक वर्ष जाऊ द्या. ठेवीची मुदत सरली का त्याच्यातूनच करू. इतके वर्ष दुखले, आनखी एक दुखतीन."

पैसे आले ही बातमी आमच्या कॉलनीत पैशांच्या आधी पोचली. समोरचे ललितराव, वीज मंडळातून निवृत्त, रोज सकाळी पेपर घेऊन आमच्या ओट्यावर यायला लागले. पहिल्या दिवशी त्यांनी सोनं घ्यायला सांगितलं, दुसऱ्या दिवशी बडनेरा रोडला प्लॉट आणि तिसऱ्या दिवशी सोनं विकून प्लॉट. शेजारचे ताहेरभाई संत्र्यांचे व्यापारी. वरूडकडचे बगीचे झाडावर फळ असतानाच घेतात. मी त्यांनाही विचारलं. ते हसले.

"सर, ब्याजाचं मले नका विचारू, आमच्यात ते चालत नाई. मी तं एकच पाह्यतो. बगीच्यात फिरल्याशिवाय बयाना देत नाई. फांदी वाकवून पाह्यतो, माती पाह्यतो. बाकी मालकाच्या घरचा चहा किती गोड हाये, त्याच्यावर भाव ठरत नसते."

मी हे ऐकलं, मान डोलावली आणि विसरलो. संत्र्याच्या माणसाने गणिताच्या माणसाला काय शिकवावं, असा माझ्या मनात थोडा ताठा होता, हे आता कबूल करायला हरकत नाही.

मग शेखर आला. शेखर माझा जुना विद्यार्थी. सरळव्याजाच्या चाचणीत त्याला दहापैकी तीन मिळाले होते, त्यातले दोन 'सूत्र' लिहिल्याबद्दल. आता तो 'अक्षयघट नागरी सहकारी पतसंस्थे'चा शाखा व्यवस्थापक होता. मुख्य कार्यालय अकोल्याला, पाच मजली. त्याने पायांना हात लावला आणि म्हणाला, "सर, तुमच्यामुळंच आज व्याजात हाये मी." माणसाला निवृत्त होऊन महिना झालेला असतो, शाळेचा शिपाईही रस्त्यात ओळख देत नसतो, अशा वेळी कुणी पाया पडलं की माणसाची बुद्धी पायातून निघून जाते. त्याने दरपत्रक पुढे केलं: एक वर्षाच्या ठेवीवर बारा टक्के, व्याज दरमहा. मी ते दरपत्रक बारकाईने तपासलं. दहा हजारांवर बाराशे, पंचवीस हजारांवर तीन हजार. गणिताची एकही चूक नव्हती. मी संस्था तपासली ती एवढीच.

आता मी आठच लाख का ठेवले ते सांगतो, म्हणजे माझा मूर्खपणा शास्त्रशुद्ध होता हे लक्षात येईल. आम्हाला महिन्याला पंधरा हजार लागायचे. सगळे वीस लाख बँकेत सातने ठेवले, तर महिन्याला येतात अकरा हजार सहाशे सहासष्ट रुपये आणि पुढे सहा, सहा, सहा, न संपणारे. आवर्ती दशांशात घर चालत नाही. मी वही घेऊन बसलो, क्ष मांडला, आणि उत्तर आलं: बारा लाख सातने, आठ लाख बाराने. बँकेचे महिन्याला सात हजार, पतसंस्थेचे आठ हजार. बेरीज नेमकी पंधरा हजार! इतकं नितळ उत्तर पाहून मला भरून आलं. उत्तर पूर्णांकात आलं म्हणजे रीत बरोबर, अशी आम्हा गणिताच्या शिक्षकांची एक अंधश्रद्धा असते. आयुष्यभर आम्हीच आकडे असे निवडतो की उत्तर पूर्णांकात यावं, आणि मग आम्हालाच वाटतं की देवानेही तसेच निवडले असतील.

गीतांजलीला मी सांगितलं, "बँकेत ठेवले. महिना पंधरा हजार."

"सगळे बँकेत?"

"सगळे."

खोटं बोलायचं कारण असं की पतसंस्थेचा विषय मी आधी एकदा काढून पाहिला होता. ती म्हणाली होती, "जिथं सही करतानी खुर्ची देतेत अन् चहा पाजतेत, तिथं पैशे ठेवू नका. आपल्या बँकेत कोनी ढुंकून पाह्यत नाई, तेच बरं." अशा युक्तिवादाला गणिताने उत्तर देता येत नाही. म्हणून मी उत्तर दिलं नाही, आठ लाख भरून आलो. संस्थेने मला एक भिंतीवरचं घड्याळ भेट दिलं. त्यावर घट, घटातून सांडणारी नाणी आणि खाली 'ठेवींवर १२% – आपला विश्वास हेच आमचे भांडवल' असं छापलेलं. चोरी लपवायला निघालेल्या माणसाला चोरीची पावती भिंतीवर लावता येत नाही. मी ते ताहेरभाईंना दिलं. "शाळेतूनही एक मिळालंय," म्हणालो. त्यांनी ते संत्र्यांच्या गोदामात लावलं.

दहा महिने पंधरा हजार रुपये घड्याळाच्या काट्यासारखे आले. या दहा महिन्यांत मी थोडा असह्य झालो होतो, असं गीतांजली म्हणते. ललितरावांना मी गुंतवणुकीवर भाषणं द्यायला लागलो होतो.

पुढच्या वर्षीचा एप्रिल. दुपारी बाहेर पाहवत नाही असं ऊन. कूलरसमोर जेवणाच्या टेबलावर अफिफा गणित सोडवत बसली होती. अफिफा ताहेरभाईंची मुलगी, आठवीत, माझ्या शिकवणीतली सगळ्यांत हुशार. शेजारी गीतांजली डाळ निवडत होती. मला नवीन आकडे जुळवायचा कंटाळा आला होता. उत्तर पूर्णांकात येणारे आकडे शोधणं सोपं नसतं हो. आणि माझ्याजवळ तर हाताशी तयार, स्वतःच्या खिशात सिद्ध झालेलं उदाहरण होतं. मी तेच सांगितलं: वीस लाख, सात टक्के, बारा टक्के, एकूण व्याज एक लाख ऐंशी हजार.

अफिफाने पाच मिनिटांत सोडवलं. बारा लाख, आठ लाख. मग पेन्सिल गालाला लावून म्हणाली, "सर, त्या मानसाले मुद्दल वापस भेटलं का?"

"ते उदाहरणात विचारलेलं नाही."

"पन भेटलं का?"

"ते गृहीत धरायचं असतं," मी म्हणालो. तेवढ्यात ललितरावांचा फोन आला म्हणून मी आतल्या खोलीत गेलो. त्यांना चांदीविषयी बोलायचं होतं. दहा मिनिटांनी बाहेर आलो तर डाळीचं ताट बाजूला सरकवलेलं होतं आणि गीतांजली अफिफाच्या वहीवर वाकली होती.

"माय, थांब," ती अफिफाला म्हणत होती, "तुहा तो क्ष राहू दे. मले असं सांग, सगळे सातनंच ठेवले असते तं किती आले असते?"

"एक लाख चाळीस हजार, मावशी."

"अन् आले एक लाख ऐंशी. म्हंजे चाळीस हजार जास्तीचे. आता एक लाख सातातून काढून बारात टाकले, तं किती वाढतेत?"

"पाच हजार."

"मंग चाळीस हजार वाढायले किती लाख टाका लागतीन?"

"आठ!" अफिफा म्हणाली.

माझी बायको बी. ए. मराठी आहे. एकतीस वर्षं मी समीकरण मांडून जे शिकवलं, ते तिने डाळ निवडता निवडता क्षशिवाय सोडवलं होतं. त्या अवस्थेतही माझ्या मनात पहिला विचार आला तो हा, की ही रीत सोपी आहे, पुढच्या वर्षी हीच शिकवावी. दुसरा विचार आला तेव्हा तिने चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं होतं.

"महिन्याचे पंधरा हजार म्हंजे वर्षाचे एक लाख ऐंशी," ती म्हणाली. "बारा टक्के म्हंजे ताहेरभाईच्या गोदामात घड्याळ हाये, तेच ना?"

अफिफाने वही मिटली. हुशार मुलगी आहे. "येतो सर," म्हणून निघून गेली.

गीतांजली ओरडली नाही. ओरडली असती तर मला काही बोलता आलं असतं. तिने दोन्ही हात आपल्या गुडघ्यांवर ठेवले आणि विचारलं, "एकच सांगा. माये गुडघे सातात हायेत का बारात?"

"बारात," मी म्हणालो. "पण जूनमध्ये मुदत संपते, तेव्हा..."

"जून नाई. उद्या जा अन् मोडून आना."

दुसऱ्या दिवशी मी शाखेत गेलो. शेखरने खुर्ची दिली आणि उसाचा रस मागवला. मुदतीआधी ठेव मोडायची तर दर बाराऐवजी नऊ लागतो, म्हणाला, आणि दिलेलं जास्तीचं व्याज कापून घेतात. मी तिथेच हिशेब केला. दहा महिन्यांचे मिळालेले ऐंशी हजार, नऊने व्हायचे साठ. म्हणजे वीस हजार रुपये हातचे जाणार. आणि दोनच महिने उरलेले! वीस हजार म्हणजे आमचं सव्वा महिन्याहून जास्त जगणं. एखाद्या शहाण्या माणसाने वीस हजार दिले असते आणि सात लाख ऐंशी हजार घेऊन घरी आला असता. पण मी शहाणा नव्हतो, मी गणिती होतो. रस पिऊन घरी आलो आणि गीतांजलीला सांगितलं, "अर्ज दिला. दोन महिन्यांनी मिळतील."

"दिला ना खरंच?"

"दिला."

हे दुसरं खोटं. पहिल्याचं मला अजून काहीतरी समर्थन देता येतं. याचं येत नाही.

मे महिन्याचं व्याज आलं नाही; मुदतीला एकदम मिळेल, असं शेखर म्हणाला. मुदत संपायला एकवीस दिवस असताना ललितरावांनी पेपर घडी न करता, आडवा धरूनच आणला. अक्षयघटचे अध्यक्ष बेपत्ता होते. मी सायकल काढली. शाखेचं शटर खाली होतं आणि बाहेर दोनेकशे माणसं उन्हात उभी होती. शेखरचा फोन बंद. प्रत्येकजण दुसऱ्याला विचारत होता की तुमचे किती, आणि आकडा आपल्यापेक्षा मोठा निघाला की थोडा सुखावत होता. आठ लाख म्हटल्यावर माझ्याभोवती लोक आदराने सरकून उभे राहिले. आयुष्यात मला मिळालेला तो शेवटचा मान.

तेवढ्यात पार्बताबाई पुढे आल्या. आमच्या कोपऱ्यावर वांगी-मेथी घेऊन बसतात त्या. त्या रडत नव्हत्या, नुसत्या पाहत होत्या.

"मास्तर, तुमी ठेवले म्हनून म्या ठेवले," त्या म्हणाल्या. "तो शेखर म्हने, गनिताच्या सरनं आठ लाख ठेवले, तुले काय भेव हाये? चाळीस हजार होते माये. गनिताचा मानूस कसा चुकन, असं वाटलं मले."

मला वाटलं होतं शेखर माझ्या पाया पडला तो आदराने. तो मापं घेत होता. माझं नाव त्याने सगळ्या भाजीबाजारात दरपत्रकासारखं फिरवलं होतं. मी पार्बताबाईंना काय उत्तर दिलं ते आठवत नाही. बहुधा "पाहू" म्हणालो. शिक्षकाला उत्तर येत नसलं की तो तेच म्हणतो.

घरी येऊन मी गीतांजलीला सगळं सांगितलं, अर्जाचंसुद्धा. तिने विचारलं, "किती वाचवाले गेले होते तुमी?" मी म्हणालो, "वीस हजार." ती उठून स्वयंपाकघरात गेली, आणि त्या दिवशी भाजीत मीठ नव्हतं. मी मागितलं नाही.

त्यानंतरचा महिना सल्ल्यांचा होता. ललितराव "मी तेव्हाच म्हटलं होतं" म्हणाले; त्यांनी तेव्हा सोनं, प्लॉट आणि चांदी म्हटलं होतं, पण मी वाद घातला नाही. कुणी वकील सुचवला, कुणी उपोषण, कुणी अकोटकडच्या एका महाराजांचा ताईत. मग सरकारी प्रशासक नेमला गेला आणि खरी बातमी आली: संस्थेचं जे काही हाती लागलं होतं त्यातून आधी छोट्या ठेवीदारांचे पैसे, आणि मोठ्या ठेवीदारांत फक्त वैद्यकीय कारण असलेल्या पहिल्या शंभर जणांना दोन-दोन लाख. दोन लाख म्हणजे जवळजवळ एक गुडघा. अर्ज अकोल्याच्या मुख्य कार्यालयात, शेवटच्या तारखेला दुपारी चारपर्यंत. सोबत डॉक्टरांचं प्रमाणपत्र, ठेवीची मूळ पावती, आधारकार्ड, रद्द केलेला चेक, मुद्रांकावर बंधपत्र. आणि रुग्ण स्वतः हजर.

बंधपत्राला चार खेपा झाल्या, प्रमाणपत्राला तीन. त्यामुळे जायला शेवटचीच तारीख उरली. ताहेरभाईंनी संत्र्यांच्या पिकअपमधून आम्हाला नेलं. पुढे ते आणि गीतांजली, मागे रिकाम्या क्रेटांवर मी आणि पार्बताबाई. मूर्तिजापूरपर्यंत पार्बताबाई माझ्याशी बोलल्या नाहीत. मग त्यांनी आपला अर्ज माझ्यापुढे धरला. गाडी हलत असताना मी तो निळ्या शाईने, शक्य तितक्या सुवाच्य अक्षरात भरून दिला.

अकोल्याची ती पाच मजली इमारत आम्ही पहिल्यांदाच पाहिली. ताहेरभाईंनी मान वर करून पाहिलं आणि गाडी सावलीला लावली. वैद्यकीय विभाग तिसऱ्या मजल्यावर होता. लिफ्टचं वीजबिल थकल्याने लिफ्ट बंद. मी एकटा वर गेलो आणि खिडकीतल्या बाबूला सांगितलं की रुग्ण खाली गाडीत आहे, तिला चढता येत नाही, त्याचंच तर प्रमाणपत्र आहे. तो म्हणाला, "साहेब, प्रत्यक्ष पडताळणी हाये. रुग्ण वर आना."

"अहो, ती जिने चढू शकत असती तर आम्ही आलो असतो का?"

"ते मले नका सांगू. नाई आल्या तं गैरहजर लिहितो."

गीतांजली चढली. पायरीवर बसायची, दोन्ही हात मागे टेकून वरच्या पायरीवर सरकायची. बेचाळीस पायऱ्या. प्रत्येक मजल्यावर लोक बाजूला होऊन वाट देत होते. खालून ताहेरभाई पाण्याची बाटली घेऊन मागोमाग. वर पोचली तेव्हा तिच्या साडीचा मागचा भाग धुळीने पांढरा झाला होता आणि ओठ दाबून धरून पांढरे पडले होते. बाबूने तिच्याकडे पाहिलं, रजिस्टरमध्ये पाहिलं आणि म्हणाला, "तीन मजले चढून आल्या म्हंजे तब्येत तशी ठीकच हाये ना?"

"बाबू," गीतांजली धापा टाकत म्हणाली, "उतरतानी पाह्य मले, अन् मंग लिह्य."

तो ओशाळला. त्याने शिक्का मारला. आमचा क्रमांक सत्याऐंशी. शंभरच्या आत! गीतांजली बाकावर बसली आणि माझ्याकडे पाहून एप्रिलपासून पहिल्यांदा हसली. तीन वाजून चाळीस मिनिटं झाली होती. फक्त शेवटचा रकाना उरला होता, 'एकूण येणे रक्कम'. तो बाबूच भरून देत होता. त्याने मुद्दल आठ लाख लिहिलं, थकलेलं व्याज दोन महिन्यांचं, एकोणीस हजार दोनशे, आणि अर्ज सहीसाठी माझ्याकडे सरकवला.

पुढचं मी शपथेवर सांगतो की मी केलं नाही, माझ्या हाताने केलं. आठ लाखांवर बाराने दोन महिन्यांचं व्याज सोळा हजार होतं. त्याने वर्षाच्या व्याजाला सहाऐवजी पाचने भागलं होतं. सर्वसाधारण, आठवीतली चूक. माझ्या शर्टाच्या खिशात एकतीस वर्षांपासून एक लाल पेन असतो. पेन निघाला. एकोणीस हजार दोनशेवर गोल झाला, बाजूला १६,००० असं नीट अक्षरात उमटलं, आणि समासात दोन शब्द लिहिले गेले: 'पुन्हा सोडव'. खाली माझी आद्याक्षरंही.

बाबूने अर्ज उचलून उजेडात धरला.

"हे काय केलं तुमी?"

"व्याज चुकलं होतं. सोळा हजार पाहिजे."

"काका, लाल शाई फक्त प्रशासक साहेबाची असते. कागदावर लाल शाई दिसली म्हंजे साहेबानं अर्ज वापस पाठवला, असा अर्थ होते. वरतून खाडाखोड. हा अर्ज बाद झाला. नवा फारम भरा, नवं बंधपत्र लावा."

मी बेचाळीस पायऱ्या उतरून धावत गेलो. मुद्रांकवाला टेबल गुंडाळून गेला होता. परत वर आलो तेव्हा चार वाजून पाच मिनिटं झाली होती, खिडकी बंद होती, आणि आमचा अर्ज 'त्रुटी' असं लिहिलेल्या गठ्ठ्यात गेला होता. तो गठ्ठा दुसऱ्या यादीत बघणार आहेत. दुसरी यादी हे लिहीपर्यंत लागलेली नाही.

गीतांजली बाकावर तशीच बसली होती. तिला सगळं ऐकू आलं होतं.

"बरोबर किती होते?" तिने विचारलं.

"सोळा हजार."

"तो जास्त देऊन राह्यला होता. तुमी कमी करून घेतले."

"चूक होती ती, गीता."

"हो," ती म्हणाली, "चूकच होती." आणि कठडा धरून उतरायला लागली. चढताना हात टेकून टेकून मनगटं भरून आली होती, त्यामुळे उतरताना तिला बसून सरकता येत नव्हतं. बाबू खिडकीमागून खरोखरच पाहत होता, पण आता लिहायला काही उरलं नव्हतं.

खाली गाडीजवळ ताहेरभाई म्हणाले, "भाभी, दोन लाख मी देतो. ब्याज आमी घेत नाई, तुमाले माहीतच हाये. होतीन तसे द्या."

गीतांजलीने त्यांच्याकडे पाहिलं. "भाऊ, तुमी फांदी वाकवून पाह्यल्याशिवाय बयाना देत नाई ना? आमच्या बगीच्यात आता काई नाई राह्यलं. वापस कुठून करीन मी?" ताहेरभाईंनी मान खाली घातली आणि गाडी सुरू केली. परतीच्या वाटेवर मी क्रेटावर बसून रडलो. पार्बताबाईंनी पाहिलं आणि पदराने माझ्यावरची धूळ झटकली, जणू तीच डोळ्यांत गेली होती.

त्यांचे चाळीस हजार छोट्यांच्या पहिल्या यादीत मिळाले. त्यांच्या अर्जात काही चूक नव्हती.

शेखर एकदा आला. फाटकाबाहेरच उभा राहिला. तीन महिने आत राहून जामिनावर सुटला होता. "सर, माया आईचेही तीन लाख तिथंच गेले," म्हणाला. "मले खरंच वाटत होतं का देतीन म्हनून." तो पाया पडायला वाकला तेव्हा मी पाय मागे घेतले. नंतर वाटलं, घ्यायला नको होते. त्याला दहापैकी तीन देणारा मी. मला कुणी तपासलं असतं तर तेवढेही मिळाले नसते.

बँकेची ठेव जूनमध्येच नवी केली होती. दिवाळीनंतर ती मोडायची वेळ आली, तेव्हा गीतांजलीनेच वही मागितली. दोन्ही गुडघे केले तर उरतात साडेसात लाख, महिना चार हजार तीनशे पंच्याहत्तर. एकच केला तर पावणेदहा लाख, महिना पाच हजार सहाशे सत्याऐंशी रुपये पन्नास पैसे. उत्तर पूर्णांकात आलं नाही. तिने वही मिटली आणि म्हणाली, "एकच करू. उजवा करा, चढतानी तो पह्यला लागते." मी सकाळी आणखी दोन शिकवण्या धरल्या. अकोटहून आमची लेक रागिणी आठ दिवस दवाखान्यात येऊन राहिली. तिला आम्ही फक्त एवढंच सांगितलं की डावा अजून बरा आहे.

मी दवाखान्यात असताना अफिफा वही ठेवून गेली होती. सरळव्याजाची दहा उदाहरणं, दहाही बरोबर. प्रत्येक उत्तराखाली तिने बारीक अक्षरात एक ओळ लिहिली होती: 'मुद्दल परत मिळाले असे गृहीत धरले.' तपासायला मी खिशात हात घातला, तर पेन नव्हता. अकोल्याहून आल्यापासून मी तो ठेवतच नाही. पेन्सिलीनेच दहापैकी दहा दिले.

मागच्या मंगळवारी गीतांजलीला घरी आणलं. ताहेरभाईंनी गाडी अगदी ओट्याला लावली. ललितराव फाटकाशी उभे राहून सांगत होते की गुडघ्याला मेथीचे दाणे चांगले. आमच्या तीन पायऱ्या समोर होत्या. मी घाईने तिच्या उजव्या बाजूला गेलो, नव्या गुडघ्याला जपायला म्हणून हात पुढे केला.

तिने कठडा धरला आणि उजवा पाय पहिल्या पायरीवर ठेवला. गुडघा वाकला, उभा राहिला.

"हा सातचा," ती म्हणाली.

मग डावा पाय ओढून वर घेतला. डोळे घट्ट मिटले, श्वास धरला, सोडला.

"अन् हा बाराचा."

मला हसावं की काय ते कळेना. मी तिथेच हात पुढे करून उभा होतो. तिने डोळे उघडून माझ्याकडे पाहिलं.

"तिकडे काय करून राह्यले?" ती म्हणाली. "सातले धरा लागत नाई. बाराच्या बाजूनं या."

मी फिरून डावीकडे गेलो. तिने माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि आपला सगळा भार दिला. अजून दोन पायऱ्या होत्या.